आसनातला एक इंच

माझ्या नाकावर राग असतो, हे म्हैसूरमधल्या आमच्या सगळ्या गोतावळ्याला ठाऊक आहे, त्यामुळे ते इथे लपवण्यात अर्थ नाही. ही आठवणही मी रागातच लिहिते आहे, आणि राग एका रेल्वेगाडीवर आहे. गाडी सुंदर आहे, हे आधीच सांगून टाकते, म्हणजे कोणी मला ते समजावायला येऊ नये. विजेवर धावणारी, सहा डब्यांची, एका मोठ्या शहराच्या मध्यापासून थेट विमानतळावर नेऊन सोडणारी. दारं आवाज न करता उघडतात, दाराशेजारी बॅगा ठेवायला उंच मांडणी आहे, प्रत्येक आसनाच्या हाताशी फोन चार्ज करायची सोय आहे. अशा हुबेहूब एकसारख्या बऱ्याच गाड्या बनल्या. शहराचं नाव मी लिहीत नाही, कंपनीचंही लिहीत नाही. त्यांच्याकडे वकील आहेत, माझ्याकडे सात शिलाई मशिनी आहेत.

त्या गाडीच्या आसनांवरचं निळं कापड आम्ही शिवलं.

आम्ही म्हणजे मी, माझे वडील आणि चार बायका. मेटगळ्ळीच्या कारखान्यांच्या गर्दीत, एका लेथवाल्याच्या आणि एका खोके बनवणाऱ्याच्या मधोमध आमची पत्र्याची शेड आहे. आमचं घराणं शिंप्यांचं. इकडे कधी आलो ते घरात कोणालाच नीट सांगता येत नाही. विठ्ठलाच्या देवळातलं एकादशीचं भजन आणि घरात बोलायची मराठी एवढं बरोबर राहिलं, आणि त्या मराठीतही निम्मं कन्नड शिरलं. अप्पांचं, म्हणजे माझ्या वडिलांचं, जुन्या पेठेत दुकान होतं. ब्लाउज, शर्ट, शाळेचे गणवेश. मग लोक तयार कपडे घेऊ लागले आणि दुकानात दिवसभर पंखाच फिरू लागला. तेव्हा मी ही शेड घेतली आणि जाड काम सुरू केलं: मोटारीच्या सीटची कव्हरं, दवाखान्यातल्या गाद्यांच्या खोळी. दुकानाला कुलूप लावून अप्पा शेडमध्ये आले आणि खिडकीजवळच्या पहिल्या मशिनीवर बसले. तिथे बसा असं त्यांना कोणी म्हणालं नाही, आणि ती जागा दुसऱ्या कोणी कधी घेतली नाही.

अप्पांची शिवायची एक पद्धत आहे. ब्लाउज असो की गादीची खोळ, आतल्या शिवणीत ते इंचभर जादा कापड दुमडून ठेवणारच. आमच्या धंद्यात त्याला माया म्हणतात, आणि ज्या बाईने कधी ब्लाउज शिवून घेतलाय तिला ती माहीत असते. अंग भरलं, कापड आटलं, तर शिवण उसवून तेवढं सैल करता येतं. तयार कपड्यांत ती नसते, म्हणून तयार कपडे अप्पांना मुळात कपडेच वाटत नाहीत. भाच्याच्या महागड्या शर्टाची बाही उलटी करून ते मला दाखवायचे. "आत काय सोडलंच नाई, नोडु, बग. हे कसलं शिवनं." आणि माझ्याकडे अशा नजरेने बघायचे की शर्ट मीच शिवला आहे.

शेजारच्या हूटगळ्ळीला एक कंपनी होती, रेल्वेसाठी आसनं बनवणारी. सांगाडा त्यांचा, फोम ते बाहेरून आणायचे, आणि वरची कव्हरं आमच्यासारख्यांकडून शिवून घ्यायचे. त्यांचा तपासनीस आमची शेड बघायला आला. तिशीतला मुलगा, पुण्याकडचा, नोकरीसाठी इथे येऊन राहिलेला. मी त्याच्याशी कन्नड आणि इंग्रजी मिसळून बोलत होते. पलीकडे अप्पांचा दोरा तुटला आणि ते मशिनीला मराठीत बोल लावू लागले, तसा त्याचा चेहरा खुलला.

"अरे वा, तुम्ही तर आपलीच माणसं निघालात," तो म्हणाला. आणि लगेच, "तुमची मराठी किती गोड आहे हो, ताई."

गोड. मी पन्नाशीला टेकलेली बाई, घरदार आणि कारखाना चालवणारी, आणि माझी भाषा त्याला बोबड्या बाळासारखी गोड वाटली. तिथेच माझं डोकं फिरलं. पण काम हवं होतं, म्हणून मी चहा सांगितला. पुढच्या खेपेला तो तलकाडला जाऊन आला होता आणि वाळूत गाडलेली देवळं कशी आहेत ते आम्हालाच सांगू लागला. अप्पांचं आजोळ तलकाडजवळचं. ते शेवटपर्यंत मान डोलावत ऐकत राहिले. न्यायाने बोलायचं तर काम आम्हाला त्यानेच मिळवून दिलं. वरच्यांना तो म्हणाला होता की हे लोक पिढीजात शिवणारे आहेत, यांच्या हाताला सफाई आहे. तेवढं श्रेय मी त्याला देते. बाकी काही देणार नाही.

काम समजवायला तो ड्रॉइंग घेऊन आला. एवढा मोठा कागद, त्यावर आसनाच्या पाठीचे, बसायच्या भागाचे, डोक्याकडच्या भागाचे तुकडे आणि प्रत्येक रेषेशेजारी आकडा. अप्पांनी चष्मा लावला आणि बराच वेळ बघितलं.

"कुनाचं माप हाय हे?" त्यांनी विचारलं.

"काका, हे कुणा एकाचं नसतं. सरासरी माणसाचं असतं."

"त्याला एकदा आना की. टेप लावून बगतो."

बायका हसल्या, तपासनीसही हसला. अप्पा विनोद करत नव्हते. आयुष्यभर समोर उभ्या माणसाच्या अंगाला टेप लावल्याशिवाय त्यांनी कापडाला कात्री लावलेली नाही. तपासनीसाने मग मला समजावलं. गाड्या अनेक, पण मालिका एक. एका आसनाचं कव्हर काढून कुठल्याही गाडीतल्या कुठल्याही आसनाला चढवलं तरी बसलंच पाहिजे. कापड आग न धरणारं, दोरा त्यांनी दिलेलाच, आणि आतल्या शिवणीत सेंटिमीटरभर कापड, त्याहून जास्त अजिबात नाही, कारण जास्त ठेवलं तर प्रवाशाच्या पाठीला वळ टोचतो. माझं सगळं समाधान झालं. अप्पांनी कागदाची घडी घातली.

नमुना म्हणून कंपनीने तीन आसनं शेडमध्ये आणून ठेवली, फोम लावलेली, वर कव्हर नसलेली. त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत बायका बाहेर बसल्या होत्या. अप्पा त्या तिन्हींभोवती टेप घेऊन फिरत होते.

"पुट्टी, स्वल्प इकडं ये," त्यांनी हाक मारली. मी केव्हाची मोठी झाले, तरी त्यांच्या लेखी अजून लहान मुलगीच. "ह्या तीन खुर्च्या. एकाच गाडीच्या, अल्वा? ही बारीक हाय. ही जाड हाय. ही तर बाजूला फुगलीया. तिघींचं माप येगळं. कव्हर एकाच मापाचं कसं बसंल?"

मी स्वतः टेप लावला. ते म्हणत होते ते खरं होतं. बारीक आणि जाड आसनात अर्ध्या इंचाहून जास्त फरक होता.

"अप्पा, तुमी ड्रॉइंगमधी हाय तसं शिवा. फोम बगायचं काम आपलं नाई."

"मग कोनाचं?"

मी बायकांना आत बोलावलं. आणि तपासनीसाला फोनही केला नाही. एवढं मोठं काम पहिल्यांदाच मिळालं होतं. एक टाका घालायच्या आधीच कुरकुर सुरू केली असं त्याला वाटेल, या भीतीने मी गप्प बसले. हे वाक्य वाचणाऱ्याने लक्षात ठेवावं, कारण इथून पुढे मी बऱ्याच लोकांवर ओरडणार आहे.

पहिला लॉट तपासायला तपासनीस आला तेव्हा मी मुद्दाम नवी साडी नेसले होते. बायकांनी शिवलेली कव्हरं एकेक करून पास झाली. मग अप्पांच्या गठ्ठ्यातलं पहिलं त्याने आसनाला चढवलं, पाठीवरून तळवा फिरवला आणि मधल्या शिवणीवर त्याचा हात थांबला. त्याने कव्हर काढून उलटं केलं. आत इंचभर कापड, काठाला काठ लावून दुमडलेलं आणि हाताने बारीक टाके घालून बसवलेलं. इतकं नेटकं काम की कोणीही बघत राहावं. त्याने दुसरं उलटं केलं, तिसरं केलं. अप्पांनी शिवलेल्या चाळीसच्या चाळीस कव्हरांत तो इंच होता.

"हे काय आहे, काका?"

"माया," अप्पा म्हणाले.

"ड्रॉइंगमध्ये नाहीये ती."

"ड्रॉइंगमधी फोम पन एकच हाय."

"अप्पा, गप बसा तुमी," मी म्हणाले. सगळ्यांसमोर म्हणाले. ते मशिनीशी जाऊन बसले.

चाळीस कव्हरं नापास झाली. नापास माल चुकून गाडीत जाऊ नये म्हणून तो शेडमध्येच तपासनीसासमोर कापून टाकायचा, असा नियम होता. मीच कात्री घेतली. अप्पा त्यांच्या मशिनीशी बसून होते आणि मी एकेक कव्हर मधोमध कापत होते. जाड कापडावर कात्रीचा फार कर्कश आवाज येतो. शेवटच्या दहा-बाराला माझ्या अंगठ्याला फोड आला, आणि मला त्या फोडाचा सुद्धा राग आला.

मग तो कागद. तपासनीसाने बॅगेतून काढून माझ्यापुढे ठेवला. इंग्रजीत होता. चूक झाली की चुकीचं मूळ कारण लिहायचं, पुन्हा होऊ नये म्हणून काय केलं ते लिहायचं, सही करायची. कारणासाठी चार चौकटी होत्या: माणूस, यंत्र, माल, पद्धत. एकीवर खूण करायची.

अप्पा तेव्हा पाण्याच्या मडक्याशी गेले होते. मी हळू आवाजात म्हणाले, "फोम सारखा नाही. तीन आसनं दिलीत ती तीन मापांची आहेत. आम्ही मोजलंय." एवढं मात्र मी म्हणाले. कोणाला माझ्या बाजूने काही शोधायचंच असेल तर एवढं एक वाक्य आहे.

त्याने खुर्ची पुढे ओढली. "ताई, माल लिहू नका. माल लिहिलं की ते आमच्या कंपनीवर येतं. मग फोमवाला, मग पुन्हा आगीच्या चाचण्या, सगळं काम थांबतं. आणि एकदा थांबलं की परत तुमच्याकडेच येईल असं मी सांगू शकत नाही." मग अगदी मायेने, घरच्यासारखा म्हणाला, "माणूस लिहा. माणूस बदलता येतो. नुसती फॉर्मॅलिटी आहे हो."

मी माणूस लिहिलं. खालची ओळ त्याने सांगितली आणि मी माझ्या अक्षरात उतरवली: शिवणारा कामगार वयस्क, दृष्टी कमी, दिलेल्या सूचना समजत नाहीत, त्यास कामावरून हटवण्यात आले आहे. सही केली, शेडचा शिक्का मारला. अप्पा पाणी पिऊन परत आले तेव्हा शाई वाळत होती. चष्मा लावला की सुईत दोरा ते आजही माझ्याआधी ओवतात.

घरी जाताना त्यांना काय सांगायचं ते मी बसमध्ये ठरवलं. म्हणाले, "अप्पा, कंपनीचा नियम निघाला. साठीच्या पुढचं मानूस मशिनीवर बसवायचं नाई."

त्यांनी थोडा विचार केला. "साठ? मला तर चौऱ्याहत्तर झाली. चौदा वर्सं मी चुकून बसलो की मग." आणि खिडकीतून बाहेर बघत म्हणाले, "इरली, असू दे. नियम म्हंजे नियम."

त्यांना वाईट वाटू नये म्हणून मी हे खोटं बोलले, असं मी स्वतःला सांगत होते. साफ खोटं. मला त्यांच्यासमोर उभं राहावं लागू नये म्हणून बोलले. दुसऱ्या दिवसापासून खिडकीजवळच्या मशिनीवर मी बसू लागले, कारण दुसरी कोणी बसायला तयार होईना.

काम पुरं झालं, आसनं गेली, गाड्या धावू लागल्या. कोणीतरी त्या गाडीच्या आतला व्हिडिओ मला फोनवर पाठवला. अप्पा ओसरीवर बसून तो परत परत बघायचे. माणसं दाखवायला लागले की कंटाळायचे, आसनं दिसली की म्हणायचे, "थांबीव, थांबीव." मग पडदा डोळ्यांजवळ नेऊन शिवण बघायचे. शेजाऱ्यांना सांगायचे की आमच्या पुट्टीने शिवलंय, विमानाला जाणारे लोक बसतात त्याच्यावर. मी शिवलंय. मी आत स्वयंपाकघरात भांडी आपटायची.

काही महिन्यांनी तपासनीसाचा फोन आला. आवाजातला घरगुतीपणा गेला होता. कव्हरं बाजूच्या शिवणीत उसवत होती, एका गाडीत नाही, बऱ्याच गाड्यांत. कंपनी म्हणते शिवण कच्ची आहे. तुम्ही स्वतः येऊन बघा.

मी गेले. तो मला स्टेशनवर भेटला, गळ्यात पास अडकवला आणि आम्ही दुपारच्या गाडीत चढलो. पहिल्यांदा ती गाडी मी डोळ्यांनी बघत होते. आत गारवा, स्वच्छता, मोठाल्या बॅगा सांभाळत बसलेली माणसं. सुटली कधी ते कळलंसुद्धा नाही, फलाट मागे सरकला तेव्हा कळलं. मी मधल्या वाटेत गुडघे टेकले आणि पहिलं आसन बघितलं. बाजूची शिवण वीतभर उसवली होती आणि आतला पिवळा फोम बाहेर फुगला होता. पुढचं आसन तसंच. त्याच्या पुढचं बरं होतं, त्याच्या पुढचं पुन्हा उसवलेलं. दोरा पक्का होता, टाका पक्का होता. ताण सहन न होऊन टाक्याशेजारचं कापडच विरलं होतं. मी टेप लावत गेले. जाड, बारीक, जाड, फुगलेलं. जेवणाच्या सुट्टीत अप्पांनी मला दाखवलं होतं तेच, फक्त आता ते ताशी किती तरी वेगाने विमानतळाकडे चाललं होतं.

एका बाईने तिचे पाय उचलून घेतले आणि मला इंग्रजीत सांगितलं, इथे खाली कॉफी सांडली आहे, तेही पुसून घ्या. मी तिच्याकडे बघितलं. म्हणाले, ज्याच्यावर तुम्ही बसलायत ते मी शिवलंय. तिने पाय आणखी वर घेतले.

तपासनीस खाली वाकून कुजबुजला, "ताई, हे थोडं उसवून सैल करता येईल ना? बदलण्यापेक्षा बरं."

"कशातून सैल करू?" मी विचारलं. "आत काय सोडायला दिलंत तुम्ही?"

तो खिडकीबाहेर बघू लागला. मला त्या डब्यात त्याच्यावर कडाडायचं होतं, पण गाडी इतकी बिनआवाजाची की आपलाच श्वास मोठा ऐकू येतो. असल्या गाडीत माणसाला भांडताही येत नाही. पुढचं स्टेशन विमानतळ आहे, आपलं सामान विसरू नका, असं एक बाई फार गोड आवाजात सांगत होती. मी टेप गुंडाळला आणि दाराशी जाऊन उभी राहिले.

महिन्याभरात नवं ड्रॉइंग आलं. सगळ्या गाड्यांची कव्हरं टप्प्याटप्प्याने बदलायची होती, आणि काम पुन्हा आमच्याकडेच होतं. मी तो मोठा कागद टेबलावर पसरला. पाठीच्या आणि दोन्ही बाजूंच्या शिवणीत जादा कापड पंचवीस मिलिमीटर, दुमडून आत बसवावं, वळ येऊ नये म्हणून हाताने टाचावं. एक इंच. अप्पांनी केलं होतं तसंच्या तसं, टाचण्यासकट. कोपऱ्यात लिहिलं होतं: सुधारणा, डिझाइन विभाग.

 तपासनीस समोर चहा पीत होता.

"हे कोणाचं आहे?" मी विचारलं.

"म्हणजे?"

"हा इंच. माझ्या वडिलांनी चाळीस कव्हरांत हाच ठेवला होता. ती मी तुमच्यासमोर कापली."

तो अवघडला. म्हणाला, "हो, काकांचं बरोबर होतं. मी बोललोही होतो वर. पण ते टीमने बसवलं."

"मग तो कागद मागे घ्या. माणूस लिहिलेला."

"ताई, तो रिपोर्ट बंद झालाय. सिस्टीममध्ये एकदा बंद झालेला रिपोर्ट उघडत नाही."

"आणि अप्पांना परत मशिनीवर बसवायचं असेल तर?"

"बसवा की," तो अगदी मोकळेपणाने म्हणाला. "आता कोण विचारतंय?"

कोण विचारतंय. तो इतक्या सहज म्हणाला की माझ्या हातातला कप मी बशीत आपटला आणि चहा त्या ड्रॉइंगवर सांडला. एका माणसाला चाळीस कव्हरांसकट कापून काढलं, माझ्या हातून काढलं, आणि आता तो तिथे असला काय, नसला काय, कोणाच्याच खिजगणतीत नव्हतं. मी त्याला निघून जायला सांगितलं. कन्नडमध्ये सांगितलं, त्यातले शब्द इथे लिहिण्यासारखे नाहीत. तो दाराशी थांबून म्हणाला, "ताई, सही तुमची होती." आणि गेला.

संध्याकाळी घरी गेले तेव्हा अप्पा ओसरीवर शेजारणीच्या पिशवीचा बंद शिवत होते. मी उभ्याउभ्याच सांगितलं की नवं ड्रॉइंग आलंय, त्यात तुमचा इंच आहे.

त्यांनी सुई थांबवली. "आय्तु," ते म्हणाले, म्हणजे झालं एकदाचं. "बरं केलं त्यांनी. आता उसवनार नाई."

मला त्यांनी रागवायला हवं होतं. एक शिवी तरी द्यायला हवी होती. "तुमाला काय वाटत नाई? एवडा अपमान केला त्यांनी तुमचा."

"कुटं अपमान? वय झालं म्हनाले. नियम हाय त्यांचा."

"ते जाऊ दे. उद्यापासून मशिनीवर या. खिडकीजवळची मोकळी करते."

"आनि साठीचा नियम?"

"तो काढला."

"कागद आला का तसा?"

"कागद कशाला पायजे, अप्पा?"

"कागद आन आदी. कागदाशिवाय मी येऊन बसलो आनि उद्या कोन तपासायला आलं, तर तुला धरतील. माझ्यासाठी तू ब्याड अडकायला." ब्याड म्हणजे नको. ते पुन्हा पिशवीकडे वळले.

माझ्या त्या खोट्या नियमातून ते मलाच वाचवत होते. मला वाटतं मी ओरडले. समोरच्या घरातलं कोणीतरी बाहेर आलं, म्हणजे ओरडलेच असणार. "नियम नव्हताच, अप्पा. कधीच नव्हता. मी खोटं बोलले."

मग आत जाऊन मी त्या कागदाची प्रत आणली आणि त्यांच्यासमोर धरली. त्यांना इंग्रजी येत नाही. ते म्हणाले, वाच. मी इंग्रजी वाचलं. ते म्हणाले, आपल्यात सांग. मी सांगितलं.

"मानूस म्हंजे मी," ते म्हणाले.

"हो."

"मला दिसत नाई असं लिवलं हाय."

"हो."

"सांगितल्यालं समजत नाई असं."

"हो, अप्पा."

"अक्षर तुजं हाय."

"हो."

 त्यांनी पिशवी बाजूला ठेवली, सुई रिळात खोचली, चष्मा काढून धोतराच्या सोग्याने पुसला.  

"मी चुकलो नवतो," ते म्हणाले. "ती माया मी ठेवली होती. बगून, मोजून ठेवली होती. तू पन मोजलंस. म्हाताऱ्याने मुद्दाम केलं, ऐकत नाई, असं लिवायचं होतंस. त्याच्यावरून काडलं असतं तर काडू दे की. पन दिसत नाई म्हनून केलं असं कसं लिवलंस?"

मी तो कागद परत घडीत घालू लागले. 

"ते बदल," अप्पा म्हणाले. "मग मी येतो."

त्यानंतर मी कंपनीला चार पत्रं लिहिली. वडिलांनी मुद्दाम आणि योग्य कारणाने जादा कापड ठेवलं होतं, फोम एकसारखा नव्हता, हे मला माहीत होतं आणि मी चुकीचं कारण लिहिलं, अशी सरळ कबुली दिली. चारही वेळा एकच ओळ उत्तरात आली, रिपोर्ट बंद आहे. तपासनीस माझा फोन उचलत नाही. नवी कव्हरं मात्र आम्ही शिवतो आहोत, आत इंच ठेवून, हाताने टाचून, आणि ती गाडीमागून गाडीत बसतायत.

रोज सकाळी मी मेटगळ्ळीची बस पकडायला निघते तेव्हा अप्पा दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून, चपला पायात सरकवून पायरीवर उभे असतात.

"बदललंस?" ते विचारतात.

"नाई, अप्पा," मी म्हणते. आता खोटं बोलत नाही.

मग ते चपला काढतात आणि आत जातात.